आंसूढाळ घोडीची साक्ष

पूर्वेकडच्या डोंगररांगेवर तांबडे फुटले, कारवीगडाच्या तटावरचे धुके हळूहळू दरीत उतरू लागले आणि नगारखान्यात पहाटेची नौबत झडली, तेव्हा सदरेसमोरच्या चौकात सारा गड गोळा झाला होता. आज हजिरनीस त्र्यंबक विसाजींच्या लाचखोरीचा निवाडा होता.

फौजेतला प्रत्येक घोडा तपासून त्याचा खरेखोटेपणा दप्तरी लिहायचा, हे हजिरनिसाचे काम. दोन वर्षांपूर्वी पळसखिंडीच्या चढणीवर नऊ घोडे ऐन हल्ल्यात छाती फुटून कोसळले आणि नऊ स्वार कापले गेले. दप्तरात ते नऊही घोडे ‘खासे’, म्हणजे अव्वल, होते! कसे झाले, ते गडावरचे शेंबडे पोरही जाणत होते. बोलत मात्र कोणी नव्हते. मांजराच्या गळ्यात घंटा कोणी बांधायची?

शिलेदार सुभानजी काटवटे गर्दीत मान खाली घालून उभा होता. त्या नवांतला एक त्याचा थोरला भाऊ हैबतराव. पलीकडे बायकांच्या घोळक्यात हैबतरावाची विधवा सगुणाबाई उभी होती. सुभानजीला तोफेचे भय नव्हते, पण त्या बाजूला पाहायचे मात्र त्याला धैर्य होईना.

न्यायाधीश अनंतशास्त्री लोडाला टेकले नव्हते, ताठ बसले होते. त्यांनी हुकूम करून हजिरनिसांच्या तबेल्यातली अबलख घोडी चौकात आणवली होती. तिच्या तोंडावर डोळ्यांच्या खालपर्यंत भरजरी मुखवर चढवलेला होता.

“हजिरनीस, ही घोडी आपण कोठून आणली?”

“जत्रेच्या बाजारात सौदागराकडून सहाशे रुपयांस खरेदी केली, शास्त्रीबुवा. हा कागद.” त्र्यंबकपंतांनी अदबीने कागद पुढे केला. “आमचे वैरी कुजबुजतात, त्या कुजबुजीला बुवांनी किती मोल द्यावे?”

शास्त्रीबुवांनी कागद वाचला आणि सभेकडे पाहिले.

“घोडी तबेल्यात मिळाली, एवढ्याने लाच शाबीत होत नाही. कोणी मागितली, कोणी दिली, कशासाठी दिली, हे तोंडाने सांगणारा माणूस हवा. आणि ध्यानात असू द्या, देणाराही गुन्हेगार. त्याची शिलेदारी जाईल, घोडे-हत्यार सरकारजमा होईल. आहे कोणी?”

त्र्यंबकपंत मिशीवरून हात फिरवत होते. कागद गुंडाळण्यासाठी शास्त्रीबुवांनी हात पुढे केला आणि सुभानजीला कळले, की आता गप्प राहिलो तर भाऊ दुसऱ्यांदा मेला. तो पुढे गेला.

“घोडी माझी. मी दिली.”

गर्दीत कुजबूज उठली. सुभानजी पुढे बोलू लागला.

“दादाचा घोडा दमेकरी होता. नवा घ्यायची ऐपत नव्हती आणि बिनघोड्याचा स्वार म्हणून नाव कटलं असतं. पंत म्हणाले, ‘एक घोडी आणून बांध, खासा लिहितो.’ मी बांधली. दादाला यातलं काही ठाऊक नव्हतं. दप्तरात खासा लागला म्हणून तो बिनघोर चढणीला लागला.”

“थापा!” त्र्यंबकपंत गरजले. “पुरावा काय?”

“मुखवर काढा, शास्त्रीबुवा. उजव्या डोळ्याखाली भोवरा आहे. घोडी आंसूढाळ आहे.”

आंसूढाळ! डोळ्याखाली, आसवे ओघळतात तिथे केसांचा भोवरा असलेले जनावर धन्याच्या घराला रडवते, अशी साऱ्या फौजेची समजूत. असले जनावर कोणी दारातही उभे करीत नसे. घोडी धरून उभ्या असलेल्या मोतद्दाराने मुखवर उतरवला. भोवरा होता.

“असली घोडी स्वारीला कोणी घेत नाही, म्हणून फुकट माझ्याकडे आली होती,” सुभानजी म्हणाला. “चोराला फसवायचं म्हणून भोवऱ्यावर डिंक-काजळ लिंपून तिन्हीसांजेला नेली. धर्माची गाय, दात कोण बघतो? पंतांनी पाहिलं नाही.”

त्र्यंबकपंतांचा चेहरा उतरला, पण माणूस दप्तरात मुरलेला. “सौदागराने फसवले आम्हांस!”

“असेल,” शास्त्रीबुवा शांतपणे म्हणाले. “पण आंसूढाळ निघाले तर तीन दिवसांत जनावर परत करून दाम घ्यावा, हा बाजाराचा रिवाज. तो रिवाज मोडणाऱ्या सौदागरांना आपणच दंड करता. मग सहाशे रुपये बुडवून, दोन वर्षे मुखवराखाली झाकून, ही घोडी आपण का पोसलीत?”

शास्त्रीबुवांनी खरेदीचा कागद बाजूला सारला.

“मी सांगतो. विकत घेतलेले परत करता येते. लाच परत करायला जावे, तर ती घेतली हे कबूल करावे लागते.”

दुपारपर्यंत निवाडा झाला. त्र्यंबक विसाजींचे वतन जप्त होऊन त्यांच्या पायांत बेड्या पडल्या. सुभानजीने आपली तलवार स्वतः सदरेच्या पायरीवर ठेवली. शास्त्रीबुवा हळूच म्हणाले, “शिक्षा कमी करता येत नाही, काटवटे. वाईट वाटते.” सुभानजीने मुजरा केला.

घरी सगुणाबाईने नेहमीसारखे ताट वाढले. तो पाटावर बसला.

“वहिनी...”

“दोन वर्षं माझ्या हातचं जेवलात, भावजी,” ती म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, त्यामुळेच तिचे बोलणे जास्त लागले. “रोज मी म्हणायची, देवानं नेलं. तुम्ही ऐकून घेत होतात. घास उतरत होता?”

“नव्हता.”

तिने चुलीतले लाकूड मागे ओढले.

“आज चारचौघांत बोललात. त्यांच्या नावावरचा डाग गेला. मला वाटायचं, चढणीवर घोडा त्यांनीच दामटून मारला.” तिने पदराने डोळे पुसले. “जेवा. पण उद्यापासून तुमची चूल वेगळी मांडा. मला रोज तुमचं तोंड बघवणार नाही.”

सुभानजीने मान डोलावली आणि पहिला घास उचलला.