चाकाला दमायला शिकवलं

मोटर तीच, वीज तीच, बटणाला कुणी हातही लावलेला नाही. मग रिकामं चाक गरगर फिरतं आणि आबांनी मातीवर हात ठेवला की रडतखडत का चालतं? अकरा वर्षांच्या दुर्वाला हे कोडं तीन दिवस सुटत नव्हतं. चौथ्या दिवशी आबांनी मातीवर ओलं गोणपाट टाकलं आणि जाहीर केलं, "बास झालं. औंदा सुगडं तालुक्याहनं आणा."

सुगडं म्हणजे संक्रांतीला पुजायची लहान मडकी. माणसं चंद्रावर राहायला गेली, तरी कोयनाकाठच्या त्या गावाला संक्रांतीला सुगडं लागायचीच, आणि गेली सेहेचाळीस वर्षं ती दुर्वाच्या आबांनी घडवली होती. यंदा त्यांचा खांदा धरला. जुनं दगडी चाक दांडक्याने फिरवणं जमेना. मग दुर्वाने भंगारातल्या व्हीलचेअरची डीसी मोटर (एकाच दिशेने वाहणाऱ्या विजेवर चालणारी मोटर) आणून एक नवं, हलकं चाक जोडलं होतं. आबांनी काम सोडलं की ते ओसरीवर नुसते बसून राहतात, हे तिने पाहिलं होतं. ते तिला अजिबात आवडत नव्हतं.

तिने ठमीला बोलावलं. ठमी म्हणजे ग्रामपंचायतीची दुरुस्ती करणारी यंत्रमानव. चालताना ठुमकायची, म्हणून पोरांनीच तिचं हे बारसं केलं होतं. तिने चाकाखाली डोकं घालून पाहिलं.

"बटण फिरवून तू मोटरला फक्त व्होल्टेज (विजेचा दाब) देतेस," ती म्हणाली. "दाब वाढला की वेग वाढतो, दाब कमी झाला की वेग कमी. पण दाब तेवढाच राहिला आणि चाकावर भार आला, तर वेग पडणारच. मला सांग, मैत्रिणीच्या बरोबरीने सायकल चालवताना चढ लागला तर तू काय करतेस?"

"जोर लावते."

"का?"

"नाहीतर मी मागे पडेन! दिसतं ना मला."

"मोटरला दिसत नाही."

दुर्वाचे डोळे चमकले. "मग आपण तिला दाखवू!"

दोघींनी चाकाच्या कडेला खालून चोवीस छोटी चुंबकं चिकटवली. शेजारी एक सेन्सर (संवेदक) बसवला. चुंबक समोरून गेलं की तो मोजायचा. ते आकडे मोटरला जोडलेल्या एका छोट्या नियंत्रकाकडे जायचे. वेग किती हवा आणि खरा किती आहे, हे तो सेकंदाला कितीतरी वेळा ताडून पाहायचा. कमी पडला की दाब वाढवायचा, जास्त झाला की उतरवायचा.

"झालेल्या कामाची अशी परत येणारी खबर म्हणजे फीडबॅक (प्रत्याभरण)," ठमी म्हणाली.

"पण दाब कमीजास्त करतो कसा तो?"

"वीज चालू-बंद करून. सेकंदाला हजारो वेळा. तू दोन पायडल मारतेस, जरा थांबतेस, तरी सायकल अडखळत नाही ना? तसंच. चालू राहण्याचा वेळ वाढवला की सरासरी दाब वाढतो."

दुर्वाने मातीचा गोळा चाकावर दोन्ही हातांनी दाबून पाहिला. चाक जराही हळू झालं नाही. ती आनंदाने ओरडतच आबांना घेऊन आली.

आबा बसले. माती वर आली, मडक्याने पोट धरलं, आणि गळ्यापाशी काठ टर्रकन फाटला. दुसरं सुगडही तिथेच फाटलं. तिसरंही. आबांनी चाक थांबवून आपली बोटं न्याहाळली.

"चाक झ्याक हाय, पोरी. माजाच हात गेला."

दुर्वाला रडू फुटलं. इतकी खटपट करून आपण आबांना हेच ऐकायला लावलं, असं तिला वाटलं.

ठमीला मोटरबद्दल सगळं माहीत होतं, पण हे तिच्या कुठल्याच माहितीत बसेना. तिने सरळ विचारलं, "आबा, जुनं चाक कसं फिरायचं?"

"दांडक्यानं जोरात फिरवायचं. माती मधोमध बसवायची, पोट काढायचं. गळ्यापाशी येईस्तवर चाक दमतं, आपसूक हळू हुतं. नाजूक काम समदं दमल्या चाकावर..." बोलता बोलता आबा थांबले.

दुर्वाने डोळे पुसले. "आबा, हात नाही गेला तुमचा! तुमच्या बोटांना दमलेलं चाक माहीत आहे. आणि आम्ही याला दमूच दिलं नाही!"

"वेग शेवटपर्यंत एकच हवा, असं मीच धरून चालले होते," ठमी म्हणाली. "चूक माझी. नियंत्रक मागाल तो वेग देतो. मागतानाच उतरता मागू."

मग दुपारभर आबा मातीशी बोलल्यासारखे "हळू... आनि जरा हळू..." म्हणत राहिले, दुर्वा बटण फिरवत राहिली आणि ठमी टिपून घेत राहिली. सुरुवातीला मिनिटाला दीडशे फेऱ्या, गळ्यापाशी जेमतेम सत्तर. ठमीने टिपलेले वेग नियंत्रकात भरले, आणि अकराव्या खेपेला दुर्वाने बटणावरचा हात काढून घेतला. चाक आता आपलं आपण दमत गेलं, आबांची बोटं गळ्यावरून फिरली, आणि काठ गोल, अखंड वळला. आबांनी दोऱ्याने सुगड कापून सावलीत ठेवलं. कितीतरी वेळ ते त्याच्याकडे बघत होते.

"ह्ये समदं ध्यानात ऱ्हाईल व्हय गं तुज्या?" त्यांनी ठमीला विचारलं. "म्या नसलो तरी?"

ठमीच्या आधी दुर्वाच बोलली. "चाकाचं दमणं राहील, आबा. पण तुमची बोटं काय करतात, ते तिला कुठे टिपता आलंय?" तिने बाह्या वर सारल्या. "म्हणून सरका जरा. मला बसू द्या."

आबांनी सरकून तिला जागा दिली, नवा गोळा चाकावर ठेवला, आणि आपले ओले तळवे तिच्या हातांवर धरले.