चुनखडीची टेकडी आणि एक लिंबू

"अहो, तो दगड आमचा आहे."

हातोडी थांबली. वळून बघणाऱ्याचे केस पांढऱ्या भुकटीने माखले होते, आणि डोळे... डोळ्यांचं नंतर सांगते.

वटार गावात आमच्या केळीच्या बागेमागे एक बुटकी टेकडी आहे. लहानपणापासून मी तिच्यावर मालकी गाजवत आलेय. हा हर्षवर्धन, विरारला राहणारा, दगडांचा अभ्यास करणारा. त्याने माफी मागितली आणि वर माझ्याकडे लिंबूही मागितलं. सरबतासाठी ओंजळभर तोडलीच होती मी.

त्याने दगडावर रस पिळला. बारीक बारीक बुडबुडे फसफसले.

"चुनखडी आहे. आजूबाजूचे डोंगर काळ्या दगडाचे, आणि मध्येच ही! इथे समुद्र होता कधीतरी. हात लावून बघा ना..."

मी बोट फिरवलं. ज्या दगडावर बसून इतकी वर्षं बोरं खाल्ली, त्यात नखाएवढे शिंपले होते. माझीच टेकडी त्याने मला दाखवली, आणि मी दोघांच्याही प्रेमात पडले.

मग दर रविवारी तो येऊ लागला. माथ्यावर वारा, खाली केळीची पानं, पलीकडे समुद्राची चकाकी. तो दगडांबद्दल बोलायचा, मी त्याच्याकडे बघायचे. चौथ्या रविवारी काम संपलं. आता त्याची नेमणूक चंद्रपूरला होती. जाताना नुसतं "येतो" म्हणाला. मी "बरं" म्हणाले आणि घरी येऊन आईवर उगाच चिडले.

निघायच्या आदल्या दिवशी तो धापा टाकत दारात उभा.

"उन्नती, टेकडीवरचा एक दगड तपासायचा राहिला."

दगड काळाकुळकुळीत. मी लिंबू कापून त्यावर पिळलं. रस ओघळून गेला. एक बुडबुडा येईल तर शपथ.

"कुठून उचललास?"

"बिल्डिंगखालून..." त्याचे कान लाल झाले. डोळे तपकिरी, खोटं अजिबात न जमणारे.

"मग आलास कशाला?"

"टेकडी बघून झाली – तुला बघून होत नाही. आवडतेस तू मला. खूप."

माझ्या हातात अर्धं लिंबू उरलं होतं. ते मी त्याच्या हातावर ठेवलं.

"चंद्रपूरला चुनखडी असते?"

"भरपूर."

"मग लिंबं मीच घेऊन येईन. आधी आत चल, बाबा घरी आहेत. आणि हे बघ, त्यांना दगड दाखवत बसू नकोस... खरं काय ते सांग."