राखीव खोलीतला पियानो

विश्वास ठेवायचा की नाही, ते तुमचं तुम्ही ठरवा. मी एवढंच सांगते, की हे माझ्या सख्ख्या मावशीच्या बाबतीत घडलं. ज्या माणसाच्या डोळ्यांदेखत घडलं, त्याला मी लहानपणी आमच्याच स्वयंपाकघरात कॉफी पिताना पाहिलंय.

साल १९३७. फेब्रुवारी महिना. शिकागो.

नदीकाठच्या एका उंच इमारतीत, अगदी वरच्या मजल्यावर रेडिओ स्टेशन होतं. लिबी हावलिक, म्हणजे माझी मावशी, तिथे पियानो वाजवायच्या नोकरीवर होती.

खरं तर न वाजवायच्या.

त्या काळी बरेच कार्यक्रम न्यूयॉर्कमध्ये व्हायचे, टेलिफोनच्या तारांवरून शिकागोला यायचे आणि इथून पुढे पश्चिमेकडच्या स्टेशनांना जायचे. वाटेत बर्फाने तार तुटली की सगळीकडे शांतता. शांततेला रेडिओवाले यमासारखे भ्यायचे, कारण ऐकणारा लगेच बटण फिरवून दुसरं स्टेशन लावणार. म्हणून एका छोट्या खोलीत कुणीतरी पियानोपुढे कायम बसवून ठेवलेलं असायचं. तार तुटली की कंट्रोल रूममधला माणूस खटका फिरवायचा, लाल दिवा लागायचा, आणि राखीव माणसाने तत्काळ वाजवायला घ्यायचं.

महिनोन्महिने तार तुटायची नाही. लिबीला ऑफिसात सगळे स्टेपनी म्हणायचे. "काय स्टेपनी, आज तरी पंक्चर होणार का?" ती वरवर हसायची आणि आतून जळायची.

कारण त्या तारेवरून रोज संध्याकाळी जी वाजवायची, ती नोरीन टूमी होती.

दोघी एका गल्लीत वाढल्या, एकाच बाईंकडे शिकल्या. नोरीनचा डावा हात कच्चा होता, तो लिबीने घोटून घेतला. आणि आता नोरीन न्यूयॉर्कला, एका पीठ कंपनीच्या रोजच्या कार्यक्रमात, अख्ख्या देशाला ऐकू जाणारी. लिबी मात्र हेडफोन लावून मांडीवर हात ठेवून बसलेली. तुटू दे एकदाची तार, असं मनात घोकत.

सगळ्यात जास्त झोंबायचा तो नोरीनचा थांबा. शेवटच्या ओळीआधी ती हात उचलायची. सगळं गप्प. ऐकणाऱ्याचा जीव टांगणीला लागायचा... मग हळूच शेवटची ओळ. लोक त्या थांब्यावर फिदा होते. वर्तमानपत्रंसुद्धा त्याचं कौतुक छापायची.

तो थांबा लिबीचा होता. बाईंच्या घरी तिने तो एकदा सहज केला, आणि नोरीनने उचलला.

घरी तिची आई, म्हणजे माझी आजी, कोलाचे नावाचे गोड पाव भाजता भाजता रेडिओ मोठा करायची. लिबी दमून आली, की दारातच ऐकवायची, "आज नोरीनने काय वाजवलं गं, डोळ्यांत पाणी आलं." लिबीला रेडिओवर आईने कधी ऐकलंच नव्हतं. लिबीला दुसरं काही नको होतं. आपण वाजवतोय आणि आई ऐकतेय, एवढंच हवं होतं.

त्या संध्याकाळी तारांवर बर्फ साचला होता. दिवसभर खरखर चालू होती. कंट्रोल रूममध्ये गस लुंडीन होता, एरवी सकाळच्या पाळीचा. नोरीनचा कार्यक्रम त्याने कधी ऐकलेला नव्हता.

नोरीन वाजवत होती. शेवटची ओळ जवळ आली...

आणि थांबा आला.

गसने खटक्यावर हात ठेवला. काचेतून लिबीकडे बघून भुवया उंचावल्या. गेली का तार?

लिबीला पक्कं माहीत होतं, तार गेलेली नाही. ऐकणाऱ्या पोराटोरांनाही माहीत असायचं.

तिने हनुवटी खाली केली. एकदाच, सावकाश.

लाल दिवा लागला. शेवटची ओळ लिबीने वाजवली. तिकडे न्यूयॉर्कमध्ये नोरीनही तीच ओळ वाजवत होती, पण शिकागोपासून पश्चिमेकडे ती कुणालाच ऐकू गेली नाही.

पीठ कंपनीचा शिकागोतला साहेब नेमका त्या दिवशी स्टेशनात आला होता. त्याने विचारलं, अशी वाजवणारी घरात असताना न्यूयॉर्कला कशाला जायचं?

आणि घरी आई म्हणाली, "आज नोरीनने शेवट असा केला, की बस."

"तो मी केला, आई."

"हो का? बरं," आई म्हणाली आणि ताट वाढायला लागली.

जेवण होतंय तोच फोन वाजला. शिकागोकडे तार तुटल्याचं नोरीनला तिकडे कळलं होतं.

"लिबी, तार खरंच तुटली होती?"

"तुटली होती गं."

"कुठे?"

"शेवटच्या ओळीआधी."

पलीकडून फोन ठेवल्याचा आवाज आला.

मान हलवल्याचं लिबी तेव्हा कुणाला बोलली नाही; मला तिने पुष्कळ वर्षांनी सांगितलं. गसला तर त्यात काही वावगं घडल्याचंही ठाऊक नव्हतं.

उन्हाळ्याच्या तोंडावर कार्यक्रम शिकागोला आला, लिबीच्या नावाने. नोरीन त्याआधीच न्युमोनियाने गेली. लिबी तिच्या मातीला गेली होती. तिथे जो तो तिच्या थांब्याबद्दलच बोलत होता. माणूस मेल्यावर तरी मत्सर संपावा. लिबीचा उलट वाढला.

पहिल्याच कार्यक्रमात तिने ठरवलं, आपला थांबा आपण परत घ्यायचा.

आता ती मोठ्या स्टुडिओत बसायची. मधे कंट्रोल रूम, तिथे आता संध्याकाळच्या पाळीला गस; त्या खोलीच्या दोन्ही बाजूंना काचा. पलीकडे जुनी राखीव खोली, तिथे ओट नावाचा एक सुस्त गृहस्थ.

लिबीने हात उचलले. सगळं गप्प...

आणि कुठूनतरी शेवटची ओळ वाजली.

अगदी हळू, गोड.

लिबीचे हात हवेतच होते.

तिने दोन्ही काचांपलीकडे पाहिलं. राखीव खोलीतला लाल दिवा लागलेला होता. ओट सँडविच खात होता. दोन्ही हातांनी.

गसचा चेहरा पांढराफटक. बाहेर आल्यावर तो म्हणाला, "लिबी, मी खटक्याला हातसुद्धा लावला नव्हता."

ती घरी गेली, तर आई दारात उभी. डोळे पुसत होती.

"आज शेवट किती गोड केलास. अगदी नोरीनसारखा."

लिबी त्या रात्री जेवली नाही. भीतीपेक्षा तिला राग जास्त होता. इतकी वर्षं आईच्या तोंडून जे ऐकायला ती तरसली, ते ऐकायला मिळालं, आणि तेही दुसरीचं.

तिने थांबा सोडून दिला. सूर न तोडता वाजवायला लागली. पण दोन गाण्यांच्या मधे श्वास तर घ्यावाच लागतो. पान तर उलटावंच लागतं. जरा फट पडली, की...

पलीकडून एक सूर.

बस, एकच. मी बसलेय, असं सांगायला.

लिबी कसली ऐकतेय. तिने स्टेशनच्या साहेबांना सांगून ओटला सुट्टी द्यायला लावली, राखीव पियानोचं झाकण बंद केलं, खोलीला कुलूप घातलं आणि किल्ली आपल्या पर्समध्ये टाकली. हे सगळं गसला घरी निघताना सांगू, म्हणून ती सरळ स्टुडिओत जाऊन बसली.

त्या संध्याकाळी तिने सगळा जीव ओतून वाजवलं. शेवटच्या ओळीआधी मुद्दाम हात उचलले आणि मांडीवर ठेवले.

शांतता.

काहीच नाही... कुठूनही एक सूर नाही.

लिबीला हसू फुटलं. आता वाजव की, ती मनात म्हणाली. बघू कशी वाजवतेस. आणि जिंकल्याच्या नादात ती थांबूनच राहिली, जरा जास्तच वेळ.

काचेपलीकडे गस अस्वस्थ झाला. लिबीला चक्कर आली की काय, असं त्याला वाटलं. त्याचा हात खटक्यावर गेला.

मग त्याने मान वळवली. राखीव खोलीकडे.

आणि भुवया उंचावल्या.

लिबी धडपडून पियानोवर झुकली. पण गसने खटका फिरवला होता. ती बोटं आपटत होती आणि तिचं वाजवणं त्या चार भिंतींबाहेर जात नव्हतं. स्पीकरमधून शेवटची ओळ येत होती. हळू. गोड.

कार्यक्रम संपल्यावर तिने गसचा दंड धरला. "कुणाला विचारलंस तू?"

"राखीव खोलीतल्या बाईंना. ओटच्या जागी आज नवीन आल्यात ना? काचेवर उजेड पडला होता, चेहरा नीट दिसला नाही. तयार आहात का, असं विचारलं. त्यांनी मान हलवली."

"कशी हलवली?"

गसने करून दाखवली.

हनुवटी खाली. एकदाच, सावकाश.

दोघांनी जाऊन दार पाहिलं. कुलूप होतं. किल्ली पर्समध्ये होती. आत झाकण बंदच होतं, पण त्यावर हात ठेवल्यावर लिबीने चटकन मागे घेतला. लाकूड कोमट होतं, असं ती शेवटपर्यंत म्हणायची.

नोरीन त्या पहिल्या संध्याकाळी हजारभर किलोमीटरवर, न्यूयॉर्कमध्ये होती. लिबीची मान कशी हलली, हे तिला कुणी सांगितलं? मी हा प्रश्न गसला म्हातारपणी विचारला होता. त्याने कॉफीचा कप खाली ठेवला आणि विषय बदलला.

लिबी मावशीने दुसऱ्या दिवशी नोकरी सोडली. पुढे आयुष्यभर तिने घरी मुलांना शिकवलं. शिकवणी नसेल तेव्हा रेडिओ चालू ठेवायची, झोपतानाही. घर गप्प झालेलं तिला चालत नसे.

आई मात्र तिला शेवटपर्यंत एकच विनंती करायची. अंथरुणाला खिळली होती, डोळ्यांना दिसत नव्हतं, तरी तेच.

"लिबी, त्या शेवटच्या दिवशी रेडिओवर वाजवलंस ना, तसं एकदा वाजव गं. तुझं तेवढंच मला मनापासून आवडलं होतं."

लिबी पियानोपाशी जाऊन बसायची. शेवटच्या ओळीपर्यंत यायची. आणि हात उचलायचं धाडस तिला कधीच झालं नाही.

मावशीची आई, माझी आजी, गेली त्या दुपारी तिच्या खोलीत मी आणि मावशी दोघीच होतो. मावशी उशाशी, आईचा हात धरून. पियानो बाहेरच्या खोलीत. मावशीने उठून रेडिओ बंद केला, आईचा श्वास ऐकू यावा म्हणून.

घर गप्प झालं...

आईच्या चेहऱ्यावर हसू आलं.

"हं," ती म्हणाली, "असं."

मला काहीही ऐकू आलं नव्हतं. मी मावशीकडे पाहिलं, तर तिने दोन्ही हातांनी कान घट्ट दाबून धरले होते.