नंदाकाकूचा रिकामा पलंग

हे मी रचलेलं नाही. देवदत्त माझा आतेभाऊ. त्यानं सांगितलं तेवढंच लिहितो आहे. माझ्या हातून ते नीट उतरेल याची मात्र खात्री नाही.

साल १९९४. कार्तिकातली थंडी. बनारस, रामघाट.

आणि रात्र नव्हे... लख्ख सकाळ.

देवदत्त मुंबईत मालिकांचे सेट सजवायचा. वर्षानुवर्षं पडदे यानं टांगले, भिंती यानं जुन्या केल्या, आणि पडद्यावर नाव झळकलं दुसऱ्याचं. तो राग त्याच्या नाकावरच असे. बनारसात चित्रित होणाऱ्या या नव्या मालिकेत पहिल्यांदा त्याचं नाव येणार होतं.

शूटिंगसाठी त्यानं रामघाटावरच्या आपल्याच घरातली वरची खोली निवडली. नंदाकाकूची. आईमागे काकूनंच त्याला वाढवलं होतं. ती त्याच पावसाळ्यात गेली होती.

खोलीत तिचा पलंग नव्हता.

"शय्यादान केलं," काकूची सून मृणालिनीवहिनी म्हणाली. "गादी, उशी, पलंग, सगळं महापात्राला दिलं. रीतच आहे."

"मला न विचारता?"

"तार केली होती, भावजी. आलात?"

देवदत्तच्या डोक्यात तिडीक गेली. तो तडक त्या महापात्राकडे, मृताच्या नावानं दान घेणाऱ्या ब्राह्मणाकडे, गेला. पलंग चार दिवसांसाठी मागून घेतला आणि हमालांकडून घरी आणला.

वहिनी जिन्यात आडवी उभी राहिली.

"गेलेल्या माणसाच्या नावानं दिलेलं परत घरात आणतात का कुणी? काशीत वाढलात ना तुम्ही?"

"हे घर नाही आता. सेट आहे. सरका!"

प्रसंग अगदी साधा होता. म्हातारी वारली आहे. मुलगा उशिरा पोचतो आणि दारातून रिकामा पलंग बघतो.

एवढंच.

देवदत्तनं नवी गादी घातली, उशी ठेवली. पांढरी चादर ताणून चारी बाजूंनी खोचली. गंगेवरून येणारं ऊन बरोबर पलंगावर पडलं.

दिग्दर्शक भटनागर कॅमेऱ्यातून बघत होते.

"देव, चादर में गड्ढा काहे है?"

गादीत खळगा पडला होता... कुणी कुशीवर निजल्यासारखा.

"कोण बसलं होतं पलंगावर?" देवदत्त सेटवरच्या पोरांवर खेकसला. त्यानं गादी झटकली, चादर पुन्हा ताणली.

कॅमेरा सुरू झाला.

कट्... कट्...

भटनागर चिडले. "कौन सुपारी काट रहा है, भई?"

कुणीच नाही.

देवदत्तच्या मानेवर काटा आला. दिवसभर अडकित्ता चालवणारी एकच बाई या घरात होती, नंदाकाकू.

त्यानं पलंगाकडे पाहिलं. खळगा परत पडला होता. या वेळी उशीतही.

ऊन पलंगाच्या कडेला सरकलं होतं.

"यह शॉट नहीं मिला, तो कल से दूसरा आदमी आएगा," भटनागर म्हणाले. "नाम भी उसी का जाएगा."

देवदत्तचा तोल गेला. सगळ्यांसमोर तो पलंगाच्या पायाशी जाऊन ओरडला,

"ऊठ, काकू! तुझा नाही हा पलंग आता! ऊठ!"

खालच्या नावाड्यांचा आवाजसुद्धा येईना.

मग पलंग करकरला...

आधी उशी वर आली. मग गादी. हळूहळू, गुडघे धरून कुणी उठावं तशी.

चादर सपाट झाली.

कॅमेरा चालूच होता. शॉट मिळाला. पुढं देवदत्तचं नावही पडद्यावर आलं. पलंग त्याच संध्याकाळी महापात्राकडे परत गेला. वहिनी त्यानंतर त्याच्याशी कधीच बोलली नाही.

मागच्या महिन्यात तो माझ्याकडे मुक्कामाला आला होता. मी त्याच्यासाठी खाट घातली. त्यानं सतरंजी मागितली आणि खाली जमिनीवर आडवा झाला.

"खाटेवर झोप की रे," मी म्हटलं.

"मी तिला उठवलं, दादा," तो तोंड फिरवून म्हणाला. "कुठं झोपायचं ते सांगितलंच नाही. तेव्हापासून माझ्याच मागं आहे. अजून रागात आहे."

जरा थांबून म्हणाला, "मीही."

सकाळी तो स्टेशनावर गेला. मी खाटेवरची चादर काढायला वाकलो. तिच्यावर कुणी झोपलंच नव्हतं.

पण मधोमध...

ती चादर मी अजून काढलेली नाही. 'उठा' म्हणायची माझी छाती होत नाही.