विहिरीत दिलेली हाळी

धावडा गावच्या शिवारात राधेश्यामची विहीर खोल करायचं काम सांडू आणि बायनाबाई या नवरा-बायकोनं घेतलं होतं. उन्हाळा म्हणजे या जोडप्याची सुगीच. सांडू खाली उतरून खडकात सुरुंगाचे बार भरायचा, बायनाबाई वर क्रेनचा ब्रेक सांभाळायची. तिचा हात ब्रेकवर आहे म्हटल्यावर सांडू पाताळातसुद्धा बिनघोर उतरला असता. त्याच्या तोंडून मात्र तिच्यासाठी कधी चांगला शब्द नाही! बायनाबाईलाही त्याची सवय झाली होती.

त्या दिवशी सकाळच्या बारानं तळाजवळ, विहिरीच्या बाजूच्या खडकात एक भोक पडलं. सांडू दगड काढायला उतरला तो गप्पच झाला. बायनाबाईनं हाका मारमारून घसा कोरडा केला. शेवटी खालून आवाज आला, तोही कुजबुजल्यासारखा.

"बायना... खाली ये. आत डोंगर हायेत."

"ऊन लागलं वाटतं यांना," असं पुटपुटत तिनं ब्रेक जवळच उभ्या असलेल्या राधेश्यामच्या हाती दिला. त्याला तेवढं येत होतं. मग ती क्रेनच्या बकेटमध्ये बसून उतरली.

भोकाला डोळा लावला तेव्हा आधी तिला नुसत्या गारगोट्या दिसल्या. या भागातला खडक फोडला की पोटात पांढऱ्या गारगोट्या निघतातच, त्यात नवल नव्हतं. पण या आतून उजळलेल्या होत्या. फिकट, निळसर उजेड, चांदण्यासारखा. हळूहळू नजर सरावली, तशी तिनं डोळा काढून पुन्हा लावून पाहिला. त्या गारगोट्या जवळ नव्हत्या. कोसांवर होत्या. रांगेमागे रांग, सुळक्यामागे सुळका, आरपार दिसणारे डोंगरच डोंगर, आणि वर आभाळाच्या जागी काळोख. दऱ्यांमध्ये धुकं साचलं होतं. तिकडून गार वारं येत होतं, आणि कित्येक वर्षं झाकण न काढलेल्या रांजणाचा वास त्याला होता.

एका उतारावरचा उजेड मधेच झाकला जायचा, पुन्हा दिसायचा. मग पुढच्या उतारावर तसंच. कोणीतरी रांगेनं चालत होतं. इकडंच येत होतं.

"माणसं हायेत," सांडू म्हणाला. त्याचे डोळे भरून आले होते. "मघापासून बघू राह्यलो. मला बलावू राह्यले. जरा जाऊन येतो..."

"अवं, वर चला आधी."

"लई जुनी वळख हाय गं यांची... आपलीच वाटतेत."

इतक्या वर्षांच्या संसारात सांडू तिच्याशी कधी एवढ्या मऊ आवाजात बोलला नव्हता. बायनाबाईला भीती वाटली, आणि खरं सांगायचं तर भीतीहून जास्त मत्सर वाटला. हा माणूस आज हातचा गेला तर पुन्हा मिळायचा नाही, एवढं तिला पक्कं कळलं. तिनं त्याचा सदरा धरला आणि त्याला बकेटमध्ये अक्षरशः कोंबलं.

"आत पोकळी हाय, खडक ढिला हाय," वर आल्यावर तिनं राधेश्यामला सांगितलं. "बारानं वरचा खडक पाडून भोक बुजवल्याबिगर पुढचं काम व्हायचं न्हाई."

"बुजवा मंग. मंग मी चहाचं बघतो," म्हणत राधेश्यामनं दोघांना पुन्हा खाली सोडलं, बार भरून झाल्यावर वर घेतलं आणि मगच तो शेडकडे गेला. बार भरायला सांडूनं नाही म्हटलं नव्हतं. खाली त्याचे हात सवयीनं भोकाच्या तोंडाशी दारूचे तोटे ठासत होते, आणि नजर आत लागली होती. बायनाबाईनं त्याचा सदरा एकदाही सोडला नाही.

बार उडवायच्या आधी हाळी द्यायची, हा या धंद्याचा रिवाज. आसपास कोणी असेल त्यानं बाजूला व्हायचं आणि झालो म्हणून ओरडून सांगायचं. तोपर्यंत बॅटरीला वायर लावायची नाही.

"बार हायेऽऽ! सरकाऽऽ!" सांडूनं चहूकडे हाळी दिली.

"सरकलोऽऽ!" लांबच्या माळावर मेंढरं चारणाऱ्या कचरूनं उत्तर दिलं.

बायनाबाईनं वायर उचलली. तेवढ्यात सांडू विहिरीच्या काठावर ओणवा झाला आणि खाली तोंड करून ओरडला, "बार हायेऽऽ! सरकाऽऽ!"

"अवं! कुणाला सांगू राह्यले?"

"असंल त्याला. सांगावं लागतंय."

खाली काहीच हललं नाही. बांधावरचे होले पक्षीसुद्धा घुमायचे थांबले. मग विहिरीतून उत्तर आलं. आवाज एकाचा नव्हता. बाया होत्या, म्हातारे होते, लेकरं होती.

"सरकलो..."

आणि ते भोकाच्या पलीकडून आलं नव्हतं. अलीकडून आलं होतं, अगदी काठाखालून.

बायनाबाईनं डोळे गच्च मिटून वायर बॅटरीला टेकवली.

जमीन हादरली. धुरळा खाली बसल्यावर तिनं वाकून पाहिलं, तर भोकाच्या जागी दगडांचा ढीग. उजेड नाही, वारं नाही. तिला रडूच फुटलं. नवरा वाचला होता, बस. बाकी विहिरीचं काय व्हायचं ते होवो.

लिंबाखाली राधेश्यामची काथ्याची बाज होती. तिच्या कडेला सांडू निवांत बसला होता, चेहरा कसा माणसात आल्यासारखा. राधेश्याम चहाची किटली आणि कप ठेवून गुरांना पाणी पाजायला गेला. बायनाबाईनं एक कप भरून सांडूपुढे धरला. त्यानं तो घेतला आणि शेजारी, रिकाम्या बाजेवर ठेवला.

"आणखी कप लागतेल," तो म्हणाला.

"कुणाला वो?"

सांडू नुसता हसला. तिची नजर बाजेवर गेली. सांडू तसा काडीपैलवान, बसला होता तो एका टोकाला. पण काथ्या या टोकापासून त्या टोकापर्यंत खाली ओढला गेला होता. जागोजाग खोलगे पडले होते, एकाला एक खेटून, दाटीवाटीनं बसल्यासारखे. भर दुपारी बाजेकडून गारठा येत होता.

"उभी का ऱ्हायली? बस की," सांडू त्याच मऊ आवाजात म्हणाला. "लाजू नको. घरचीच हायेत."

पळून जावं असं तिच्या मनात आलं. पण याला इथं सोडून जायचं तरी कुठं?

बाज करकरली. सांडूशेजारचा खोलगा काथ्यावरून हळूच पलीकडे झाला, आणि दोघांच्या मधे बायनाबाईपुरती जागा मोकळी झाली.