मंगळवारची सही

लंडनमधल्या बेकारांच्या नोंदणी कचेरीत मी सहा नंबरच्या खिडकीवर बसायचे. नट, गायक, वादक असे लोक माझ्या वाट्याला. एकोणसाठ सालच्या नोव्हेंबरात, एका मंगळवारी, पावसाने निथळणारी टोपी हातात धरून एक उंच माणूस समोर उभा राहिला आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "अहो, तुम्ही तर परवाच मेलात."

तो हसला. "जहाजावर की विहिरीत?"

"जहाजावर. सिनेमा सुरू होऊन दहा मिनिटंही झाली नव्हती."

"विहिरीत जास्त चांगला मेलोय. तोही बघा."

जेरल्ड फेन त्याचं नाव. सिनेमात दोन-चार प्रसंग, टीव्हीवर कधी हवालदार, कधी पाद्री. पडद्यावर नाव यायचं ते लोक कोट चढवून दाराकडे निघाल्यावर.

बेकारभत्त्यासाठी दर आठवड्याला सही करावी लागायची; दर मंगळवारी साडेदहाला तो यायचा. मी नियमाप्रमाणे विचारायचे, "या आठवड्यात काही काम केलंत?"

"आरशासमोर दोनदा रडलो. ते धरता का?"

"कोणी पाहिलं?"

"मांजरीने. उठून गेली."

"मग नाही धरत."

सही झाली की ओल्या शाईवर तो हळूच फुंकर मारायचा, आणि मान वर करता करता माझ्याकडे एक नजर... उरलेला आठवडा मी त्या नजरेवर काढायचे. शेजारच्या खिडकीवरची डोरीन माझा निळा ब्लाउज बघून म्हणायची, "आज मंगळवार वाटतं, मिस टॉलिव्हर?"

त्याला काम मिळावं असं मला मनापासून वाटायचं. पण काम मिळालं की तो यायचा नाही, आणि मंगळवार खायला उठायचा.

मार्चमध्ये एकदा सही करून तो तिथेच थांबला. "मँचेस्टरला मालिका मिळालीय. पोस्टमनची भूमिका. आता... बहुतेक येणं होणार नाही."

"छान झालं," मी म्हणाले. "यात तरी मरत नाही ना?"

"अजून तरी नाही."

तो कशाची तरी वाट बघत उभा होता. मागचा माणूस खोकला. मी मान खाली घालून म्हणाले, "पुढचे कोण?"

मग माझे गुरुवार सुरू झाले. त्या रात्री ती मालिका लागायची; घरमालकीण मिसेस पिंकनींच्या बैठकीत टीव्हीसमोर बसायचं. मालिकेतला पोस्टमन एका विधवेला पत्र द्यायचा आणि मान वर करता करता तिच्याकडे एक नजर टाकायचा... ती नजर मला चांगली ठाऊक होती.

"जीव आहे हो त्याचा तिच्यावर," मिसेस पिंकनी म्हणायच्या.

"नाटक असतं ते," मी म्हणायचे, आणि चहाचे कप उचलून आत जायचे.

सात महिने असेच गेले. ऑक्टोबरात एका सकाळी वर बघते, तर रांगेत तो. अंगात नवा कोट. त्याची पाळी येईपर्यंत मी दोन अर्ज चुकीचे भरले.

"काही काम केलंत?" मी विचारलं.

"केलं. चार दिवस."

"मग सही करता येणार नाही."

"सहीसाठी आलोच नाही." तो टोपी फिरवत राहिला. "गेल्या फेब्रुवारीत एका मोठ्या सिनेमाची चाचणी होती. नायकाच्या भावाचं काम. पण ती मंगळवारी होती... साडेदहाला. मी गेलो नाही."

"वेडे आहात का तुम्ही? एवढ्यासाठी?"

"एवढ्यासाठीच."

मला खरंच राग आला. आणि त्या रागातच मी बोलून गेले, "तुम्हाला काम मिळू नये असं मी मनात म्हटलंय. एकदा नाही, पुष्कळदा."

त्याची टोपी फिरायची थांबली. "म्हणजे माझी कारकीर्द आपण दोघांनी मिळून बुडवली."

डोरीनचा टाइपरायटर केव्हाच थांबला होता.

"मी साडेपाचला सुटते," मी म्हणाले. "मागच्या दाराने. आणि... माझं नाव एव्हिस."

"एव्हिस," तो म्हणाला. कॅमेऱ्यासमोर वीस वेळा न डगमगता मेलेला माणूस, पण तेवढं एक नाव घेताना त्याचा आवाज कापला.