दवपाखरासाठी सात दिवस

छपरातलं एक कौल सरकलं. उन्हाचा कवडसा आत उतरला, आणि कवडशामागून एक हसरा चेहरा.

"अरेच्चा! इथे माणसंही राहतात होय? मला वाटलं, नुसती अंडी!"

खाली बसलेल्या राखणदार तरुणीनं झटकन ओठांवर बोट ठेवलं. पण व्हायचं ते होऊन गेलं होतं. तिच्या दुसऱ्या तळहातावरच्या निळसर अंड्याला तडा गेला होता, आणि पिल्लू ओली मान वर काढून टकामका त्या चेहऱ्याकडेच बघत होतं…

दवपाखरांच्या पालनघरात उबेच्या खोलीत कुणी चकार शब्द काढत नसे. पिल्लाच्या कानी पहिला आवाज ज्याचा पडेल, तो त्याची आई. म्हणून ती शिंपल्याच्या शिट्टीतून थव्याची साद तेवढी ऐकवायची. दवपाखरू पंख झटकतं तेव्हा भर दुपारीही दव पडतं. उभ्या जगात अशी एकोणीसच उरली होती. हे पिल्लू विसावं.

तिची आत्या, तिथली थोरली राखणदार, कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "छप्पर शाकारायला बोलावलं होतं तुम्हाला. बाळंतपण करायला नाही!"

"चुकलं, आत्याबाई. अंडं चार दिवस आधी फुटेल हे मला काय ठाऊक? आता काय करायचं?"

"करायचं काय? आई झालात. या रोज."

आणि तो रोज येऊ लागला. त्याच्या बडबडीशिवाय पिल्लू चोच उघडेना. तो छपरावर कौलं शाकारी, खाली उतरून पिल्लाला दाणे भरवी, आणि तोंड अखंड चालू.

"तुम्ही कधी बोलता की नाही?" एकदा त्यानं विचारलं.

"कामापुरतं."

"मग रोज एक नवं काम काढतो."

ती खाली मान घालून हसली. तिचा एक नेम होता — पालनघरातल्या सगळ्या म्हाताऱ्या, उडता न येणाऱ्या पाखरांच्या वाडग्यांत पाणी पडेपर्यंत स्वतः घोटभरही घ्यायचं नाही. त्यानं तो कधी हेरला, कुणास ठाऊक. एके दिवशी ती उठून बघते, तर झऱ्याचं पाणी आलेलं, वाडगे काठोकाठ भरलेले. दुसऱ्या दिवशीही तेच. त्याबद्दल मात्र त्या बोलघेवड्यानं एक अक्षर काढलं नाही.

पानगळ सुरू झाली. दरीवरून थवा जायला आठवडा उरला. त्या थव्यात पिल्लू गेलं नाही, तर थंडीत ते जगणार नव्हतं.

"सात दिवस मुकाट राहायचं," आत्यानं त्याला बजावलं. "तुमचा आवाज ऐकू आला तर ते थव्याकडे कान देणार नाही. पण दिसत राहा, नाहीतर ते दाणे खायचं सोडेल."

"सात दिवस? मी झोपेतसुद्धा बोलतो हो! माझ्या आईला विचारा."

तिनं त्याच्या हातात पाटी आणि खडू ठेवला.

पहिल्या दिवशी पाटी काठापर्यंत भरली. 'हे पिल्लू तुमच्यावर गेलंय. डोळ्यांनीच दटावतं.' तिनं खाली लिहिलं, 'आणि खातं तुमच्यासारखं.' चौथ्या दिवशी हातोडी अंगठ्यावर बसली. डोळ्यांत पाणी तरारलं, पण त्यानं दातांत बाही धरली, हूं की चूं केलं नाही. तिनं त्याचा अंगठा हातात घेऊन फुंकर घातली… आणि मग हात सोडायचं दोघंही विसरली.

सहाव्या दिवशी पाटीवर एकच ओळ होती. 'छप्पर झालं. उद्या पिल्लू गेलं, की माझं इथलं काम संपलं.'

तिनं खडू उचलला, पुन्हा खाली ठेवला. मग तळहातानं ओळ पुसून टाकली. तळहात दिवसभर पांढरा राहिला.

सातव्या दिवशी थवा पहाटेच दिसेल म्हणून सगळे कड्यावर धावले. तो आला दुपारी. पिल्लू शाकारणाऱ्याच्या खांद्यावर होतं. वरून साद आली. पिल्लानं त्याच्या ओठांकडे पाहिलं, वाट पाहिली. त्यानं ओठ घट्ट मिटून घेतले. मग पिल्लानं त्याच्या कानाला हलकेच चोच लावली, आणि झेपावलं.

थव्यानं पंख झटकले. भर दुपारी दोघांवर दव पडलं.

"बोला आता, काय बोलायचं ते," आत्या म्हणाली. "मला मेलीला कामं आहेत." आणि ती उताराला लागलीसुद्धा.

त्यानं तोंड उघडलं.

"छप्पर अजून गळणार आहे," त्याच्याआधी तीच हळूच म्हणाली.

"शक्यच नाही! एकेक कौल मी…"

"एक कौल सरकलंय. काल… मीच सरकवलं."

"तुम्ही? शिडीवर चढलात?"

"देवाचं नाव घेत घेत."

तो एक पाऊल जवळ आला. "मी ते नीट बसवलं, तर?"

"मी दुसरं सरकवीन."

"आणि मी इथून हललोच नाही तर?"

"तर कौलं वाचतील."

तो खळखळून हसला, सात दिवसांचं साठलेलं हसू. मग एकदम थांबला. "अहो, आज वाडगे भरायचे राहिले! म्हणजे तुम्ही सकाळपासून—"

तो झऱ्याकडे धावलाच. पालनघरातला शेवटचा वाडगा भरून झाल्यावर त्यानं पेला तिच्यापुढे धरला. ती अर्धं पाणी प्यायली, आणि उरलेला अर्धा पेला त्याच्या हातात दिला.